मुडद्याचा सत्कार

आयुष्यात मला एकच गोष्ट मनापासून करायची होती. कोणी मध्ये न कडमडता, एकदा तरी नीट मरायचं होतं. रंगमंचावर. खरं मरण काय, ते कोणालाही येतं, त्याला तालीम लागत नाही.

लोक मला चरित्र अभिनेता म्हणतात. आमच्या अमरावतीकडे याचा अर्थ असा, की ज्याला नायक करता येत नाही आणि घरीही धाडता येत नाही असा नट. पाटबंधारे खात्यातली कारकुनी सांभाळून मी चाळीसएक वर्षं नाटकांत कामं केली, ती सगळी अशीच. नायकाचा बाप, नायिकेचा बाप, सावकार, हवालदार, डॉक्टर, मौलवी, तोंडाला टाल्कम पावडर फासलेला इंग्रज कलेक्टर. भाषणांत मला ‘अष्टपैलू’ म्हणायची पद्धत आहे. हे पैलू कसे पडले ते माझं मला ठाऊक. सावकार करणारा नट मोर्शीचा होता, ऐन प्रयोगाच्या दिवशी त्याच्या बागेत संत्र्याची तोड निघाली, म्हणून मी सावकार झालो. आई करणाऱ्या शिक्षिकाबाईंची बदली झाली, म्हणून मी आई झालो. त्यासाठी मिशी काढली, तर ऑफिसातले लोक तोंडं पाडून टेबलाशी येऊ लागले आणि वडिलांना काय झालं होतं म्हणून विचारू लागले. वडील तेव्हा मळ्यात वांग्यांना पाणी देत होते. एकदा तर सासरा मीच होतो आणि त्याला पकडायला येणारा हवालदारही मीच. मी विंगेत गेलो, टोपी घातली, दंडुका घेऊन बाहेर आलो आणि ‘आरोपीला पुढे पाठवलं आहे’ असं सांगून परत गेलो. प्रेक्षकांतून कोणी हरकत घेतली नाही.

या सगळ्या उसनवारीत माझं स्वतःचं म्हणावं असं काम एकच, ते मरण्याचं. आमच्या मंडळाचं एक कौटुंबिक नाटक होतं. त्याच्या तिसऱ्या अंकात बाप मरायचा. लेखकाने या बापाला जिवंतपणी बोलायला फारसं दिलं नव्हतं, पण मरायला भरपूर वेळ दिला होता, आणि मी त्यातला क्षणही वाया घालवत नसे. आधी हातातला पेला सुटायचा. मग एक शब्द अर्धाच राहायचा. मग लेकीच्या डोक्यावर ठेवायला उचललेला हात तिथवर पोचायचा नाही. शेवटी छाती एकदा वर यायची, खाली जायची, आणि पुन्हा वर यायची नाही. या शेवटच्या भागावर मी घरी खाटेवर पडून तासन्‌तास मेहनत केली होती. प्रेक्षकांतल्या बाया पदराचा बोळा तोंडाशी धरून रडायच्या. घरच्यांचं मत वेगळं होतं. वडील म्हणायचे, “लोकाइचा बाप होऊन मरते हे पोट्टं, अन्‌ माह्या वांग्याले पानी द्याले याले टाइम नाई.” बायको खाटेखाली झाडू मारता मारता म्हणायची, “मेले असान तं पाय वर घ्या, मले झाडू द्या.”

तर अशा या मरणाच्या वाटेत चाळीस वर्षं एक माणूस आडवा आला. आमच्या मंडळाचा अध्यक्ष.

अध्यक्ष माझ्याच वयाचा, कॉलेजपासूनचा. बाजारात त्याचं बी-बियाण्यांचं दुकान होतं. नाटकातलं त्याला काही म्हणजे काही कळत नव्हतं. एकदा त्याला हवालदाराचं एका वाक्याचं काम दिलं, तर तो स्टेजवर आला, समोर ओळखीची माणसं दिसली तशी त्यांना नमस्कार करत सुटला, आणि वाक्य न बोलताच समाधानाने आत गेला. पण गाड्या, मांडव, जेवणं, परवानग्या सगळं तोच बघायचा, त्यामुळे त्याला हाकलायची सोय नव्हती. त्याला वेड होतं ते सत्काराचं. दिवसातून एकदा कोणाच्या तरी खांद्यावर शाल घातली नाही तर याला जेवण जात नसावं. मंडळाची एकच शाल होती, जांभळी, जरीच्या काठाची. सत्कार झाला की पाहुण्याला गाडीपर्यंत पोचवायला तो स्वतः जायचा आणि येताना शाल घडी करून घेऊन यायचा. हे तो कसं जमवायचा ते मी पुष्कळदा बघितलं आहे, तरी मला सांगता येणार नाही. पाहुणा खूशच असायचा. नारळ मात्र तो पाहुण्याकडे राहू द्यायचा.

पहिल्यांदा हे घडलं ते भातकुलीकडच्या एका गावात. तिसरा अंक, मी मेलेला, लेक माझ्या छातीवर पडून रडतेय, मांडवात सुई पडली तर ऐकू येईल अशी शांतता. तेवढ्यात माईक खरखरला. अध्यक्ष विंगेतून बाहेर आला, हात जोडले आणि म्हणाला, “दोनच मिंटं, राजेहो. दोनच मिंटं घेतो. सरपंचसाहेबाइले एका लग्नाले जाचं आहे, म्हून त्याइचा सत्कार आताच उरकून घेऊ.”

मी डोळे मिटून पडलो होतो. मनातल्या मनात त्याला जेवढ्या शिव्या देता येतात तेवढ्या दिल्या. सरपंच वर आले, शाल झाली, टाळ्या झाल्या. पण सरपंच माणूस न्यायाचा. ते माईकवर म्हणाले, “माहा काय सत्कार करता? त्या मेलेल्या मानसाचा करा. त्यानं रडवलं आमाले.” झालं. मांडवात एकच गलका, “करा, करा! मुडद्याचा करा!” अध्यक्ष माझ्या कानाशी वाकला. “ऊठ ना बे. गाव म्हनून राह्यलं.”

“मी मेलो आहे,” मी दात आवळून म्हणालो.

“मालूम आहे मले. शाल घे अन्‌ मंग मर पुन्हा. कोन अडवते तुले?”

मी उठलो. काय करणार? शाल घेतली, नारळ घेतला, चारी दिशांना नमस्कार केला, फोटोसाठी उभा राहिलो, आणि परत जागेवर जाऊन मेलो. नारळाचं काय करायचं ते सुचेना, म्हणून छातीवर ठेवून त्यावर हात ठेवला. लेकीने डोळे पुसले आणि “बाबा, मला सोडून जाऊ नका” हे वाक्य पुन्हा पहिल्यापासून घेतलं. गाव पुन्हा रडलं. तितकंच रडलं. पुढच्या रांगेतली एक म्हातारी तेवढी मोठ्याने म्हणाली, “आता नको उठू रे बापा, लेकरू किती डाव रडीन?” मला मात्र दुःख वेगळंच होतं. श्वासाचं माझं एवढं मेहनतीचं काम, आणि छातीवरचा तो नारळ खालीवर, खालीवर होत होता. पहिल्या रांगेतली पोरं बोट दाखवून खिदळत होती.

मी अध्यक्षाशी त्या रात्री कडाकडा भांडलो. तो शांतपणे शाल घडी करत होता. म्हणाला, “तू मरते तवाच पब्लिक चूप असते. बाकी टायमाले कोन ऐकते? पाहुन्याचं नाव तरी नीट ऐकू आलं पाह्यजे ना.” दुकानदाराचा हिशेब होता, आणि खोटाही नव्हता.

पण गोष्ट तिथे थांबली नाही. एका गावाने दुसऱ्या गावाला सांगितलं आणि सगळ्या मुलखाने हे नाटकातलंच आहे असं धरून चाललं. मोर्शीकडच्या एका गावात त्या दिवशी पाहुणा आलाच नाही, म्हणून सत्कार झाला नाही. मी सुखाने मेलो, पडदा पडला. तर गावकरी आत येऊन उभे. “भाऊ, आमाले अर्धाच खेळ दाखवला तुमी. त्या गावाले मुडदा उठला, आमच्या इथं कावून नाई उठला?” त्यांची समजूत अशी होती, की बाप इतका मानी असतो की मेल्यावरही शाल घ्यायला परत येतो, आणि नाटकाचं सारच ते आहे. पडदा पुन्हा उघडावा लागला. पाहुणा नव्हता म्हणून गावातल्या सगळ्यांत म्हाताऱ्या माणसाच्या हस्ते माझा सत्कार झाला. त्या म्हाताऱ्याने शाल घालताना मला हळूच विचारलं, “तिकडं कसं आहे?” मी म्हणालो, बरं आहे. त्याला बरं वाटलेलं दिसलं.

त्यानंतर मी एक आशा धरून बसलो. अमरावतीत राज्य पातळीवरच्या एका स्पर्धेची फेरी होती. स्पर्धेत मध्येच सत्कार करता येत नाही, घड्याळ लावून नाटक संपवावं लागतं. मी अध्यक्षाला विंगेत खुर्चीवर बसवलं आणि माईकची वायर स्वतः काढून खिशात घातली. मरायला सुरुवात केली. पेला सुटला, शब्द अर्धा राहिला, हात पोचला नाही. छाती वर आली, खाली गेली. आणि मला चपलांचा आवाज आला. प्रेक्षागृहात एक नगरसेवक येऊन बसला होता, आणि अध्यक्षाला ते विंगेतून दिसलं होतं. माईक नाही म्हटल्यावर तो हातांचा कर्णा करून ओरडला, “दोनच मिंटं, राजेहो!”

स्पर्धा गेली असं आम्ही धरून चाललो. तर निकालाच्या दिवशी पुण्याहून आलेले परीक्षक भाषणाला उभे राहिले आणि आमच्या नाटकावर भलतेच प्रसन्न. म्हणाले, मृत देहाच्या सत्काराचा तो प्रसंग म्हणजे आपल्या समाजावरचं जळजळीत भाष्य आहे, परंपरागत कौटुंबिक नाटकाच्या चौकटीला असा सुरुंग वऱ्हाडातल्या हौशी मंडळाने लावावा हे विशेष आहे. ‘सूत्रधाराची अनघड देहबोली’ म्हणून अध्यक्षाला अभिनयाचं खास पारितोषिक दिलं. अध्यक्षाला! माझ्याबद्दल त्यांनी एकच वाक्य उच्चारलं. मृत बापाचा श्वास दिसत होता, तो प्रयोगाचाच भाग असावा. मी प्रेक्षकांत बसून हे ऐकलं आणि मला असा संताप आला की त्या परीक्षकांना तिथेच शाल घालून गाठ मारावी. अध्यक्ष मात्र ढाल काखेत मारून आला आणि मला म्हणाला, “अनघड म्हंजे काय बे? चांगलंच असन ना?”

पुढे काळ बदलला. खेड्यांतले प्रयोग कमी झाले, मी निवृत्त झालो, आणि मुंबईच्या लोकांना वऱ्हाड सापडलं. आता इकडे वेब सिरीजचं चित्रीकरण असतं. मलाही बोलावलं. दिग्दर्शक माझ्या मुलाहून लहान. म्हणाला, “काका, तुम्हाला मरायचं आहे.” मी हरखलो. इथे कोण येणार मध्ये? मी पेल्याचं विचारलं, अर्ध्या शब्दाचं विचारलं. तो म्हणाला, “नाही काका, तुम्ही आधीच मेलेले आहात.” पांढऱ्या चादरीखाली दिवसभर पडून होतो. चेहरा शेवटपर्यंत उघडला नाही. ती मालिका नातवाने मोबाइलवर लावून दाखवली, तर त्या चादरीखाली मीच आहे हे पटवून द्यायला मला फार त्रास पडला. बायको म्हणाली, “पायावरून वळखले मी.” अभिनयाबद्दल मला मिळालेली ही सगळ्यांत नेमकी पावती म्हटली पाहिजे.

गेल्या वर्षी अकोल्याहून बोलावणं आलं. जठारपेठेतल्या काही हौशी मंडळींना ते जुनं नाटक त्यांच्या वार्षिक कार्यक्रमात हवं होतं, मूळ बापासकट. आता बाप व्हायला मला रंगाचीही गरज नव्हती. हा शेवटचाच प्रयोग हे मला कळत होतं, गुडघ्यांना तर माझ्याआधी कळलं होतं. मी अध्यक्षाकडे गेलो आणि सरळ सांगितलं, या वेळी तू मध्ये आलास तर तुझी माझी ओळख संपली. तो दुकानाच्या गादीवर बसून होता. पायांवर सूज होती, तोंड उतरलेलं. म्हणाला, “एवढं मनाले लागलं तुह्या? अबे, चाळीस वर्सं मले वाटलं तुले मजा येते.”

मजा! मला त्याच्या गादीवर डोकं आपटून घ्यावंसं वाटलं.

“बरं,” तो म्हणाला. “नाई येत मधात. तू मर आरामानं. पडदा पडल्यावर तं करू देशीन ना सत्कार?” मी मोठ्या मनाने ते कबूल केलं. पण प्रयोगाच्या आदल्या दिवशीच त्याला दवाखान्यात भरती केलं. किडन्यांचं होतं. मी एकटाच अकोल्याला गेलो.

अकोल्याचा प्रेक्षक शहाणासुरता. फोन बंद करून बसलेला. मी मरायला सुरुवात केली आणि कधी नव्हे ते सगळं जुळत गेलं. पेला कसा सुटला मला कळलंदेखील नाही. शब्द बरोबर जागेवर तुटला. हात लेकीच्या केसांपाशी येऊन गळला. छाती वर आली, खाली गेली, थांबली. सभागृहात चिडीचूप शांतता. चाळीस वर्षं जी मागत होतो ती. मी डोळे मिटून पडलो आणि त्या शांततेत माझे कान विंगेकडे लागले. माईक खरखरेल, चपला वाजतील, असं वाटत राहिलं. काही वाजलं नाही. आणि मग मला जाणवलं, की माझा उजवा हात आपणहून छातीवर आला आहे आणि बोटं वाकवून नारळाची वाट पाहतो आहे. मला त्या हाताचा राग आला, आणि रडूही आलं. मेलेल्या माणसाला रडता येत नाही म्हणून ते गिळलं.

पडदा पडला. टाळ्या चांगल्या झाल्या. लोक घाईने गाड्या काढायला गेले. एक गृहस्थ मुद्दाम आत येऊन म्हणाले, “छान झालं. पण तुम्ही मध्येच उठता असं ऐकलं होतं आम्ही. ते नाही दाखवलं?”

दुसऱ्या दिवशी थेट दवाखान्यात गेलो. अध्यक्ष खाटेवर, नाकात नळी. मी स्टूल ओढलं आणि म्हणालो, “मेलो लेका. पुरा मेलो. कोणी आलं नाही मधात.”

“मजा आली?”

“लय.”

“मंग सत्कार कोनाचा केला?”

“कोणाचाच नाही.”

त्याने डोळे मिटले. मला वाटलं झोपला. मग म्हणाला, “मंग काय फायदा बे मेल्याचा?”

पुढच्या आठवड्यात तो गेला.

स्मशानात माणसं खूप होती. आमच्याकडे चिता पेटवण्याआधी शोकसभा होते, माईक असतो. एकेक पुढारी उठला. पहिल्याने स्वतःच्या वॉर्डातल्या रस्त्यांबद्दल सांगितलं. दुसऱ्याने, मयतासारखी माणसं आपल्याच पक्षात का असतात ते सांगितलं. तिसरा त्याचं दुकान औषधांचं होतं असं समजून बोलला. त्याला हे सगळं किती आवडलं असतं! हारांचा क्रम त्याने स्वतः लावला असता.

मी पिशवीतून शाल काढली. ती जांभळी. त्याच्या मुलाकडून सकाळीच मागून घेतली होती, डांबराच्या गोळ्यांचा वास येत होता. चौथा पुढारी माईक हातात घेऊन घसा साफ करत होता. मी जाऊन तो माईक सरळ काढून घेतला. मुलगा हातात पेटतं घेऊन उभा होता, त्याला थांब म्हणून हात केला.

“दोनच मिंटं, राजेहो,” मी म्हणालो. “दोनच मिंटं घेतो. अध्यक्षसाहेबांचा सत्कार राहून गेला आहे.”

काही लोक एकमेकांकडे पाहू लागले. जुनी नाटकवाली माणसं होती ती मात्र हसली, आणि हसता हसता तोंडं फिरवून उभी राहिली. मी शाल त्याच्या खांद्यांवरून नीट घातली, त्याला आवडायची तशी, जरीचा काठ वर. मग नारळ काढला आणि छातीवर ठेवला, त्याचा हात उचलून त्यावर ठेवला.

आणि बाजूला न होता तिथेच उभा राहिलो. चाळीस वर्षं तो माझ्या कानाशी वाकून ऊठ म्हणायचा आणि मी उठायचो. मी वाकलो. “ऊठ ना बे,” म्हणालो. “गाव म्हनून राह्यलं.”

इतक्या वर्षांत, एवढी मेहनत करून, मला एकदाही तो नारळ स्थिर ठेवता आला नव्हता. आणि याला, हवालदाराचं एक वाक्य ज्याला धड बोलता आलं नाही त्याला, पहिल्याच प्रयोगात जमलं. मी पुष्कळ वेळ पाहिलं. नारळ हलला नाही.